पेटी धुण्याआधी अण्णांजवळ बसा

औसा तालुक्यातल्या एका शिक्षिका ताईंनी विचारलं आहे. त्यांच्या गावाला तेरणेच्या अंगानं पांढरीचं, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीचं, टेकाड आहे. पूर्वी माळवदावर, म्हणजे घराच्या सपाट मातीच्या छपरावर, टाकायला तिथली पांढरी माती गाडीनं आणत. ती खणताना हाती लागलेल्या वस्तू त्यांच्या वडिलांनी, म्हणजे अण्णांनी, चाळीस वर्षं एका पत्र्याच्या पेटीत जपल्या. मणी, शंखाच्या बांगड्यांचे तुकडे, पुष्कळ खापरं, मातीची एक 'बाहुली' आणि सात-आठ जड, काळपट नाणी. अण्णा आता ७८ वर्षांचे आहेत. ओळखीतल्या एकानं नाण्यांना गिऱ्हाईक आणतो म्हटलं, पण ताईंना काही विकायचं नाही. हे सगळं तेरच्या संग्रहालयाला द्यावं, की शाळेतच एक खोली करावी? आणि त्याआधी वस्तू स्वच्छ धुऊन घ्याव्यात का?

ताई, शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करतो. बादली भरून ठेवली असेल तर आधी ती झाडाला ओता.

माझी उमेदीची वर्षं वस्तुसंग्रहालयांच्या नोकरीत गेली. पहिल्याच वर्षी मी एक पराक्रम केला होता. उत्खननातून आलेल्या मातीच्या वस्तूंचं एक टोपलं माझ्याकडे धुवायला दिलं होतं. खापरं धुतात, तशा सगळ्याच वस्तू धुवायच्या असतात असा माझा समज. त्यात बोटाच्या पेराएवढी एक मुद्रा होती, तिच्यावर पुसटशी अक्षरं होती. पाण्यात टाकली आणि मी दुसऱ्या कामाला लागलो. परत आलो तेव्हा बादलीच्या तळाशी चिमूटभर गाळ. ती भाजलेली नव्हतीच, कच्च्या मातीची होती. गोरोबाकाका कुंभारांच्या तेरजवळ वाढलेल्या माणसाला कच्चं कोणतं, पक्कं कोणतं हे कळू नये, याबद्दल साहेबांनी जे ऐकवलं ते इथे लिहिण्यासारखं नाही.

तेव्हा सध्या पाणी नको, साबण नको. नाण्यांना चिंच, लिंबू, पितांबरी तर अजिबात नको. नाण्यावरचा काळपट थर मळ वाटतो, पण पुष्कळदा अक्षरं आणि चिन्हं त्याच थरात शाबूत असतात. घासलं की चकचकीत होतं आणि वाचायला काही उरत नाही. मऊ कोरड्या ब्रशनं सुटी माती झटका, तीही बाहुलीच्या खोबणीतली नको. मातीत काय अडकलं आहे हे तुम्हाला अजून माहीत नाही.

आता ज्यासाठी एवढं लांबलचक लिहायला बसलो ते सांगतो. त्या पेटीशी जोडलेल्या गोष्टींत सगळ्यांत नाशवंत गोष्ट म्हणजे अण्णांची आठवण. मणी दोन हजार वर्षं टिकलाय, आणखी दोनशे वर्षं टिकेल. पण तो टेकाडाच्या वरच्या अंगाला मिळाला की नदीकडच्या कड्यात, राखेच्या पट्ट्यात की विटांच्या शेजारी, एकटा की पाचपन्नास एकत्र, हे फक्त एका माणसाला ठाऊक आहे आणि तो माणूस ७८ वर्षांचा आहे. वस्तू द्यायची कुठे हे सहा महिन्यांनी ठरवलं तरी चालेल. अण्णांना मात्र या रविवारीच बोलतं करा.

हे का महत्त्वाचं, ते तेरच्याच उदाहरणानं सांगतो. तेर म्हणजे प्राचीन तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका अनाम ग्रीक व्यापाऱ्यानं 'पेरिप्लस' नावाची जी वाटाड्याची वही लिहिली, तिच्यात पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर नावाचं फार मोठं नगर आहे असं म्हटलंय. शिलाहार राजे पुढे कोकणात आणि कोल्हापुरात राज्य करत होते, तरी 'तगरपुरवराधीश्वर' हे बिरूद मिरवत. हे तगर नेमकं कुठलं यावर बरीच वर्षं तर्क चालले, कुणी देवगिरीपर्यंत बोट नेलं. १९०१ मध्ये जुन्या लेखांचे इंग्रज अभ्यासक फ्लीट यांनी ते तेर असल्याचं मांडलं आणि वाद बहुतेक मिटला.

त्या काळी मराठवाडा निजामाच्या राज्यात. मोठ्या वस्तूंची वाट हैदराबादकडे जायची. पावसाळ्यानंतर पांढरीवर उघड्या पडणाऱ्या बारीकसारीक वस्तूंना मात्र वालीच नव्हता. कारण पांढरी हीच खाण होती. माळवदाला माती तिथली, गढीच्या भिंतींना माती तिथली, रानात खत म्हणून टाकायलाही तीच. अशा वेळी तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे यांनी जे दिसेल ते गोळा केलं, हजारो वस्तू जमवल्या आणि त्या गावातच राहिल्या. आज तेरचं सरकारी संग्रहालय त्यांच्याच नावानं आहे. पैठणला बाळासाहेब पाटलांनी असंच काम केलं. या दोघांनी मनावर घेतलं नसतं तर सातवाहनांचा मराठवाडा आपल्याला पुस्तकातच वाचावा लागला असता. तुमचे अण्णा त्यांच्याच बिरादरीतले.

पण लामतुरे संग्रहाची एक दुखरी बाजू आहे, आणि ती संग्रहालयाच्या आत काम केलेला माणूस जरा खाजगीतच बोलतो. तेरच्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीबद्दल तुम्ही ऐकलं असेल. १९३८ मध्ये इटलीत पाँपेईच्या अवशेषांत एक भारतीय हस्तिदंती मूर्ती सापडली. पाँपेई इ.स. ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडलं गेलं, म्हणजे ती मूर्ती त्याआधी समुद्र ओलांडून गेली हे पक्कं. तेरची बाई तिच्या बहिणीसारखी दिसते. साहजिकच, पाँपेईची मूर्ती आपल्याकडूनच गेली असं आपल्याला वाटतं. मलाही वाटतं. पण पुरावा मागितला तर तेरची मूर्ती गप्प बसते. ती संग्रहातून आली, उत्खननाच्या थरातून नाही. तिच्याबरोबर कोणती खापरं होती, कोणतं नाणं होतं, शेजारी हस्तिदंताचे कापलेले तुकडे पडले होते का? तुकडे असते तर कारखाना इथलाच म्हणता आला असता. विचारायचं कुणाला?

याउलट जालना जिल्ह्यातलं भोकरदन. तिथे १९७३ मध्ये रीतसर उत्खनन झालं आणि अशाच धाटणीच्या हस्तिदंती मूर्तीचा तुकडा मिळाला, फक्त खालचा भाग, बाजूला छोट्या सेविका. दिसायला तेरच्या मूर्तीपुढे तो काहीच नाही. पण तो खड्ड्यातल्या ठरावीक थरात मिळाल्यामुळे त्याचा काळ सांगता येतो, आणि म्हणून पाँपेईच्या मूर्तीवर लिहिणाऱ्या प्रत्येकाला भोकरदनचं नाव घ्यावं लागतं. वाद अजून संपलेला नाही. पाँपेईच्या मूर्तीच्या तळाशी खरोष्ठी अक्षर आहे, आणि ती लिपी वायव्येकडची. काही जण त्यावरून तिचं माहेरच तिकडचं ठरवतात. ते असो. सांगायचा मुद्दा असा की सुंदर अख्ख्या मूर्तीपेक्षा पत्ता असलेला तुकडा जास्त बोलला.

तर अण्णांना पत्ता विचारा. पण 'हे कुठे सापडलं?' असा थेट प्रश्न विचारू नका. म्हातारी माणसं मग 'तिथंच की पांढरीवर' म्हणून मोकळी होतात. त्यांना झेपत असेल तर टेकाडावर घेऊन जा, नाहीतर तलाठ्याकडून गटाचा नकाशा घ्या आणि समोर पसरा. बाभळ कुठे होती, गाडी कुठे लावत होतात, कड्याला खणायचे की वरून, असं विचारत चला. आठवण जागेवरून परत येते. त्या वर्षी पाऊस कसा होता, घरात कुणाचं लग्न होतं, १९७२ च्या दुष्काळाच्या आधी की नंतर, यावरून साल निघतं. मोबाइलवर सगळं बोलणं टिपा. चुकीचं वाटलं तरी मध्ये दुरुस्त करू नका, आणि 'आठवत नाही' हेही उत्तर म्हणून लिहा. अंदाजानं भरलेला रकाना कोऱ्या रकान्यापेक्षा वाईट, कारण पन्नास वर्षांनी तो खरा समजला जातो.

मग एक जाड वही घ्या, सुट्या पानांची नको. प्रत्येक वस्तूला एक नंबर. नंबरासमोर वस्तू काय (तुमच्या शब्दांत), लांबी-रुंदी, वजन, गट नंबर आणि टेकाडाची बाजू, कुणी कधी उचलली, ही माहिती कुणी सांगितली. फोटो काढताना शेजारी मोजपट्टी ठेवा. नाण्याचे आणि बाहुलीचे फोटो दोन्ही बाजूंनी. वस्तूवर स्केचपेननं नंबर लिहू नका, तो शाईचा डाग खापरात कायमचा मुरतो. आम्ही ॲसिटोनमध्ये विरघळवलेल्या पॅरालॉइड बी-७२ या पारदर्शक राळेचा पातळ थर देतो, त्यावर शाईनं बारीक नंबर, वर पुन्हा एक थर. लागलं तर तो काढता येतो. तुमच्याकडे ते नसेल तर चिठ्ठी आणि वस्तू एकाच पिशवीत ठेवली की झालं, चिठ्ठी पेन्सिलनं लिहा.

खापरं पुष्कळ आहेत म्हणून टाकून देऊ नका. घराघरांत हेच होतं, मणी ठेवतात आणि खापरं कोंबड्यांच्या खुराड्यापाशी जातात. काठाचे तुकडे, बुडाचे तुकडे, नक्षी असलेले, आतून काळे आणि बाहेरून लाल असलेले, लाल चकाकी असलेले, असे निरनिराळे ढीग करा. काळ ओळखायला आम्ही आधी खापराकडेच बघतो. त्यात मधोमध भोक असलेल्या मातीच्या गोल चकत्या दिसल्या तर त्या वेगळ्या काढा. त्या सूत कातायच्या टकळीची चाती, म्हणजे टकळीला वजन देणाऱ्या चकत्या, असू शकतात. पोरांची खेळण्यातली चाकंही असू शकतात, पण आधी चाती समजून ठेवा. पेरिप्लसमध्ये तगरहून काय जायचं ते दिलंय. साधं कापड भरपूर, शिवाय मलमल, आणि हा माल गाड्यांवर लादून आडरानातून भडोचच्या बंदराला न्यायचे. त्या कापडाची चिंधीसुद्धा आपल्या जमिनीत उरलेली नाही, इथल्या मातीत कापूस कुजतो. उरलं असेल ते ही चाती. मलमलीची आठवण सांगणारी वस्तू अण्णांच्या पेटीत कुणी ढुंकूनही बघणार नाही अशा रूपात पडलेली असू शकते.

नाणी जड आणि काळपट म्हणता, म्हणजे शिशाची असण्याचा संभव बराच. सातवाहनांची शिशाची नाणी आपल्याकडे मिळतात, एका बाजूला हत्ती दिसतो का पाहा, दुसऱ्या बाजूला चार गोलांचं उज्जैनी चिन्ह. शिशाचा एक शत्रू फार कमी लोकांना माहीत आहे, तो म्हणजे लाकूड. लाकडातून, विशेषतः प्लायवूडमधून, आम्लाची वाफ सुटत राहते आणि बंद कप्प्यात शिशावर पांढरी भुकटी धरते. एका ठिकाणी सागवानी नक्षीचं छान कपाट नाण्यांसाठी करून घेतलं होतं. दोन पावसाळ्यांत अर्धी नाणी पिठासारखी झाली. अण्णांची पत्र्याची पेटी, नकळत का होईना, शिशासाठी त्या कपाटापेक्षा शहाणी ठरली. नाणी एकेक करून छोट्या पॉलिथिन पिशव्यांत ठेवा, वर्तमानपत्रात गुंडाळू नका, रबरबँड लावू नका. तांब्याच्या नाण्यावर फिकट हिरवी भुकटी दिसली तर ते बाकीच्यांपासून लगेच दूर ठेवा आणि डब्यात सिलिका जेल टाका. शंखाच्या बांगड्यांनाही लाकडी कपाट बाधतं.

आता त्या गिऱ्हाइकाचं. त्याला चहा पाजा आणि वाटेला लावा. १९७२ च्या पुरावस्तू कायद्यानुसार परवान्याशिवाय पुरावस्तूंचा धंदा करता येत नाही, आणि देशाबाहेर तर खाजगी माणसाला काहीच नेता येत नाही. माती, दगड, धातू, हाड किंवा हस्तिदंताच्या जुन्या मूर्ती घरात असतील तर त्यांची नोंदणी करावी लागते, तेव्हा तुमच्या बाहुलीला कायदा लागू आहे असंच धरून चाला. शिवाय १८७८ चा निखात निधीचा कायदा अजून जिवंत आहे. जमिनीत दडलेली, दहा रुपयांहून जास्त मोलाची वस्तू सापडली की जिल्हाधिकाऱ्यांना कळवायचं असतं. चाळीस वर्षं कळवलं नाही म्हणून घाबरू नका. स्वतःहून, यादी आणि फोटो जोडून, तहसीलमार्फत आणि पुरातत्त्व विभागाकडे अर्ज करणाऱ्या माणसाला कुणी चोर म्हणत नाही. अर्जाची पोहोच मात्र शिक्क्यानिशी घ्या. आणि अर्ज गेल्यावर गावातला कुणी उत्साही 'चला, अजून थोडं खणून बघू' म्हणेल, त्याला आवरा. खणणं हे आमचंही काम परवाना मिळाल्यावरच सुरू होतं.

तेर की शाळा? माझं मत विचारलंत म्हणून सांगतो, बाहुली आणि नाणी तेरला द्या. शाळेच्या खोलीचं छप्पर गळतं, मुख्याध्यापक बदलतात, किल्ली हरवते. हे मी तुमच्या शाळेबद्दल म्हणत नाही, मी पाहिलेल्या अशा सहा-सात खोल्यांबद्दल म्हणतोय. त्यातली एक खोली निवडणुकीच्या वेळी मतदान केंद्र झाली आणि काचेचं कपाट व्हरांड्यात गेलं. पुढे काय झालं ते तुम्हीच ओळखा. देताना दोन गोष्टींचा आग्रह धरा. प्रत्येक वस्तूच्या फोटोसह पावती, आणि आवक नोंदवहीत गावाचं नाव, गट नंबर व अण्णांचं नाव. नुसतं 'तेर परिसर' लिहून घेत असतील तर वस्तू परत पिशवीत घाला आणि घरी या. हा हट्ट करायचा तुम्हाला हक्क आहे.

खापरांचे वेगळे केलेले ढीग, मोडकी जाती, पाटे हे शाळेत ठेवा, अर्थात विभागाला कळवून. पोरांना हात लावू द्या. खापराच्या आतल्या बाजूला कुंभाराच्या बोटांच्या रेषा लागतात, त्यावरून बोट फिरवलेलं पोरगं संग्रहालयात गेल्यावर काचेला नाक लावून बघतं. आणि खापर जमिनीवर हलकंच वाजवून दाखवा. नीट भाजलेलं खणखणतं, कच्चं बद्द वाजतं. नामदेवांच्या डोक्यावर थापटणं मारून गोरोबाकाकांनी काय ताडलं, ते मग वेगळं शिकवावं लागत नाही.

तेरला मुलांना न्याल तेव्हा एका दिवसात सगळं दाखवायच्या भरीला पडू नका. मी तीनच गोष्टींपाशी थांबवतो. एक, पायांचा पाटा. चार ठेंगण्या पायांचा दगडी पाटा सातवाहनकाळी घरोघरी होता. गोरोबांच्या दर्शनाला आलेली एक आजी एकदा त्याच्यापुढे बराच वेळ उभी राहिली. मी माहिती द्यायला पुढे झालो तर म्हणाली, "ह्याचं वरचं अंग बगा की, उजवीकडं जास्त झिजलंय. बाई डाव्या अंगाला बसत आसल." वीस वर्षं मी त्या प्रकारचे पाटे मोजत, नोंदवत आलो होतो, लांबी-रुंदी तोंडपाठ होती, झीज कधी पाहिली नव्हती. आमच्या माहितीफलकांवर 'अश्मनिर्मित पेषणी' असलं काहीतरी लिहिलेलं असायचं. त्या दिवसानंतर मी 'पाटा' लिहायला लागलो.

दुसरी, मातीची पदकं. रोमन नाण्यांवरून ठसा घेऊन मातीची पदकं करायचे आणि वर दोरा ओवायला कडी. सोन्याचं रोमन नाणं गळ्यात घालणं सगळ्यांना कुठलं परवडायला? आज जत्रेत जशी पुतळ्यांची माळ मिळते, तसलाच हा प्रकार. पोरींना हे लगेच कळतं. तिसरी गोष्ट म्हणजे गावातली विटांची वास्तू, त्रिविक्रमाचं मंदिर. मागून गजाच्या पाठीसारखा गोल आकार आहे, मूळचं चैत्यगृह, म्हणजे बौद्धांचं प्रार्थनागृह, असावं असं अभ्यासक मानतात. संग्रहालय बघून झाल्यावर तिथे न्या, विटेची लांबी मोजायला लावा आणि आपल्या घराच्या विटेशी ताडून बघायला सांगा. पोरं विटा मोजता मोजता भांडायला लागतात, भांडू द्या.

राहिली बाहुली. तुमच्या वर्णनात 'पांढरट, हलकी, डोक्यावर मोठा केशसंभार' असं आहे, त्यावरून माझे कान टवकारलेत. तेर, पैठण, भोकरदन इथे केओलिनच्या, म्हणजे पांढऱ्या चिनी मातीसारख्या मातीच्या, पोकळ मूर्ती मिळतात. पुढची बाजू एका साच्यात, मागची दुसऱ्यात, मग दोन्ही अर्धुकं जोडून भाजायची. म्हणून त्या हातात घेतल्या की वाटतात त्यापेक्षा हलक्या लागतात. कानापासून कमरेपर्यंत दोन्ही कडांना शिवणीसारखी रेघ दिसते का ते भिंगानं पाहा. खाली किंवा पाठीला भोक असेल तर आत काडी घालू नका. उन्हात नको, खिडकीजवळच्या उजेडात चारी बाजूंनी फोटो काढा, शेजारी पट्टी ठेवा आणि पाठवा. आणि अण्णांना विचारा, ती मिळाली तेव्हा तिच्याजवळ राख होती का. राखेबरोबर मातीचे भाजून लाल झालेले गोळे असतील, तर ती जागा कुंभाराच्या आव्याची, म्हणजे भट्टीची, असू शकते, आणि मग मला स्वतःलाच तुमच्या गावी यावं लागेल.